वेळापत्रकावाचून धावणारी गाडी

फिनलंडची राजधानी हेलसिंकी येथे २०१२ च्या शरद ऋतूत नऊ आसनांच्या काही लहान गाड्या प्रवाशांच्या सेवेत रुजू झाल्या, तेव्हा त्यांच्या माथ्यावर नेहमीच्या बसप्रमाणे मार्गाचा क्रमांक नव्हता, थांब्यांवरच्या तक्त्यांत त्यांच्या वेळा नोंदविलेल्या नव्हत्या, आणि दिवसभरात आपण कोणत्या रस्त्याने कोठवर जाणार हे सकाळी कामावर हजर होताना खुद्द चालकालाही ठाऊक नसे. कुत्सुप्लुस या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या सेवेचा कारभार त्या परिसरातील नगरपालिकांच्या संयुक्त परिवहन मंडळाकडे होता आणि तिच्या मागचे संशोधन आल्टो विद्यापीठाचे होते. प्रवाशाने भ्रमणध्वनीवर किंवा संगणकावर आपले निघण्याचे व पोचण्याचे ठिकाण कळवावे. यंत्रणेने त्याच सुमारास त्याच दिशेला जाऊ इच्छिणाऱ्या अन्य प्रवाशांच्या मागण्या तत्क्षणी ताडून पाहून जवळचा थांबा, गाडी येण्याची वेळ आणि भाडे सांगावे. प्रवाशाने आगाऊ भरलेल्या रकमेतून ते चुकते करून थोडेसे चालत त्या थांब्यावर जाऊन उभे राहावे, की गाडी हजर, अशी ती योजना होती. भाडे मूळचे साडेतीन युरो आणि त्यावर दर किलोमीटरला ४५ सेंट, म्हणजे बसच्या तिकिटाहून जास्त, परंतु टॅक्सीच्या आकारणीहून पुष्कळच कमी. २०१३ मध्ये ही सेवा सर्वांना खुली झाली, गाड्यांची संख्या दहावरून पंधरावर गेली, देशोदेशींच्या नगररचनाकारांनी तिची वाखाणणी केली, आणि ३१ डिसेंबर २०१५ रोजी ती बंद करण्यात आली.

परदेशातल्या एका अल्पायुषी सेवेची हकीकत इतक्या तपशिलाने सांगण्याचे कारण असे, की मागणीनुसार धावणाऱ्या बससेवेचे जे काही गुण आहेत आणि ज्या काही अडचणी आहेत, त्या सर्वांचा जमाखर्च या तीन वर्षांच्या दप्तरात स्वच्छ वाचावयास मिळतो; आणि ‘बोलवाल तेव्हा बस दारात’ ही भाषा आता आपल्याकडेही कानांवर पडू लागली असल्यामुळे तो जमाखर्च वाचून ठेवणे अगत्याचे आहे. ठरलेल्या मार्गावरून ठरलेल्या वेळी जाणारी बस प्रवाशावर दोन ओझी लादते: थांब्यापर्यंत चालत जाण्याचे आणि थांब्यावर ताटकळत उभे राहण्याचे. मागणीनुसार येणारी बस ही दोन्ही ओझी त्याच्या डोक्यावरून उतरवते खरी, परंतु उतरलेले ओझे हवेत विरून जात नाही. ते दुसऱ्या कोणाच्या तरी डोक्यावर जाते, आणि तो दुसरा कोण, याची चौकशी सेवा सुरू करण्यापूर्वी क्वचितच होते.

आधी या गाडीच्या पोटातले गणित पाहिले पाहिजे, कारण ते मोठे मनोरंजक आहे. प्रत्येक प्रवाशाच्या बाबतीत गाडीला दोन कामे करावी लागतात, त्याला घेणे आणि त्याला सोडणे. आणि घेतल्यावाचून सोडता येत नाही, एवढीच काय ती अट. प्रवासी दोन असतील तर ही चार कामे सहा निरनिराळ्या क्रमांनी करता येतात. प्रवासी तीन झाले की क्रम नव्वद होतात. चार झाले की २,५२०. आणि आठ प्रवाशांसाठी शक्य असलेल्या क्रमांची संख्या ८,१७२ कोटी ९६ लाख ४८ हजार भरते. यांपैकी कोणता क्रम सर्वांत कमी वेळेचा हे ठरवावयाचे, तेही असे की गाडीत आधीच बसलेल्या इसमाला आपण उगाच गावभर फिरविले जात आहोत असे वाटू नये. आणि हे सारे एका गाडीपुरते, मागण्या थांबल्या आहेत असे गृहीत धरून. प्रत्यक्षात गाड्या अनेक असतात आणि मागण्या तर चालू प्रवासातही येतच राहतात. मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीतील हारिलाओस प्साराफ्टिस यांनी १९८० मध्ये एका गाडीपुरता या प्रश्नाचा काटेकोर उलगडा करणारी रीत प्रसिद्ध केली, परंतु तिची मजल मोजक्याच प्रवाशांपर्यंत पोचत होती. आजच्या यंत्रणा सर्वोत्कृष्ट उत्तराचा हव्यास धरीत नाहीत. डोळ्यांचे पाते लवते न लवते तोच बऱ्यापैकी चांगले उत्तर काढावयाचे आणि नवी मागणी आली की ते पुन्हा मोडून मांडावयाचे, हा त्यांचा शिरस्ता. या कामात गेल्या पन्नास वर्षांत झालेली प्रगती थक्क करणारी आहे. ज्या अडचणीने हेलसिंकीची सेवा बंद पाडली ती मात्र या गणितात नव्हतीच.

तशी ही कल्पनाही नवी नव्हे. कॅनडाच्या ऑन्टारिओ प्रांतात बे रिजेस या वसाहतीत १९७० च्या जुलै महिन्यात दूरध्वनीवरून बोलावता येणाऱ्या लहान बसगाड्या सुरू झाल्या, त्यांचे मुख्य काम लोकांना घरून उचलून टोरांटोकडे जाणाऱ्या उपनगरी आगगाडीच्या स्थानकावर पोचविणे हे होते. अमेरिकेत न्यू जर्सीतील हॅडनफील्ड येथे केंद्र सरकारच्या खर्चाने १९७२ मध्ये असाच प्रयोग मांडला गेला. या सर्वांत बोधप्रद, आणि काहीसा करुण, प्रयोग कॅलिफोर्नियातील सँटा क्लारा परगण्याचा. संगणक-उद्योगाची राजधानी म्हणून पुढे जगभर गाजलेला हाच तो मुलूख. तेथील परिवहन मंडळाने १९७४ च्या अखेरीस, लहानशा भागात चाचणी घेण्याच्या भानगडीत न पडता, अख्ख्या परगण्यात एकदम ही सेवा जाहीर केली. लोकांनी दूरध्वनी उचलले, आणि मंडळाच्या तारा तुंबल्या. दूरध्वनी लागेना, लागला तर गाडी मिळेना, गाडी मिळाली तर वेळेवर येईना. तिकडे टॅक्सीवाल्यांनी, आमचा धंदा सरकारी पैशाने बुडविला जात आहे, अशी कैफियत घेऊन न्यायालयाची पायरी चढली. १९७५ च्या मे महिन्यात, म्हणजे सुमारे सहा महिन्यांत, मंडळाने ही सेवा गुंडाळली. तिला प्रवासी मिळाले नाहीत म्हणून ती बुडाली असे कोणासही म्हणता येणार नाही. मागणी इतकी आली की ती पुरी करण्यास लागणारा खर्च पाहून मंडळाचेच धाबे दणाणले.

येथे बस या वाहनाच्या अर्थशास्त्राकडे वळावे लागते. बसचा बहुतेक खर्च चालकाच्या वेतनाचा आणि गाडी रस्त्यावर ठेवण्याचा असतो. तो गाडीत पाच माणसे असोत की पन्नास, जवळजवळ तेवढाच राहतो. म्हणून ठरलेल्या मार्गावरच्या बसमध्ये चढणारा प्रत्येक नवा प्रवासी आधीच्या सर्वांचा माणशी खर्च खाली आणतो. पंगतीत एकाच वेळी शंभर पाने वाढता येतात ती पाने ओळीने मांडलेली असतात म्हणून. जो तो आपल्या सोयीच्या जागी आणि सोयीच्या वेळी जेवावयास बसू लागला तर तेवढेच वाढपी दहा माणसांनाही पुरे पडणार नाहीत. मागणीनुसार धावणाऱ्या गाडीची स्थिती या दुसऱ्या प्रकारची. तिच्यात नवा प्रवासी आला की गाडीला वाकडी वाट करावी लागते, आधीच्यांचा वेळ जातो, आणि एका मर्यादेपलीकडे दुसरी गाडी व दुसरा चालक नेमण्यावाचून गत्यंतर राहत नाही. जॅरेट वॉकर या अमेरिकन परिवहन-सल्लागाराने हा मुद्दा वर्षानुवर्षे आग्रहाने मांडला आहे: अशी गाडी तासाभरात चारपाच प्रवाशांची ने-आण करू शकली तरी पुष्कळ, उलट बरी चालणारी साधी बस तासाला काही डझन माणसे सहज वाहून नेते. संगणक कितीही हुशार झाला तरी चालकाच्या तासात साठच मिनिटे असतात, आणि एका दारापुढून दुसऱ्या दारापुढे जाण्यास लागणारा वेळ काही त्याच्या हुशारीने घटत नाही.

हेलसिंकीत नेमके हेच झाले, आणि शिवाय आणखी एक गोष्ट झाली. प्रवाशांच्या मागण्या एकमेकींत गुंफता याव्यात यासाठी गाड्याही पुष्कळ लागतात आणि मागण्याही दाट असाव्या लागतात. विस्तीर्ण शहरात पंधरा गाड्या सोडल्या तर मागणी येते तेव्हा जवळची गाडी दूर असते, प्रवासी कंटाळून दुसरी सोय पाहतो, आणि ज्यांनी एकत्र प्रवास करावयाचा ते दोघे एकाच गाडीत भेटतच नाहीत. यावर उपाय एकच, गाड्या वाढविणे. मंडळाच्या अधिकाऱ्यांची मागणीही तशीच होती. गाड्यांची संख्या अनेक पटींनी वाढविली की माणशी खर्च उतरेल, असा त्यांचा हिशेब होता, आणि तो तत्त्वतः चुकीचा होता असे मला वाटत नाही. परंतु त्या वेळी फिनलंड आर्थिक मंदीत सापडलेला; प्रत्येक फेरीमागे सुमारे १७ युरोंचे अनुदान तिजोरीतून द्यावे लागत आहे हा आकडा वृत्तपत्रांत झळकलेला; आणि मंडळाचे मालक असलेल्या नगरपालिकांना आज जास्त तोटा सोसा म्हणजे उद्या कमी होईल, असे पटवून देण्याची सोय कोणाच्याही हाती उरली नव्हती. सेवा लोकांना आवडत होती. वापरणाऱ्यांची संख्याही वाढत होती. तरी ती बंद झाली, आणि ती बंद करणारांना सर्वस्वी दोष देणेही कठीण आहे.

याच्या अगदी उलट टोकाचे अपयश अमेरिकेतील कॅन्सस सिटीने पाहिले. तेथे २०१६ च्या मार्चमध्ये एका खासगी कंपनीच्या सहकार्याने दहा गाड्यांची सेवा सुरू झाली, दहा लक्ष डॉलरांहून अधिक रकमेची तरतूद झाली, नवख्या प्रवाशांना पहिल्या दहा फेऱ्या विनामूल्य देण्यात आल्या; आणि वर्षअखेरीस हिशेब झाला तेव्हा एकंदर फेऱ्या भरल्या १,४८०. सेवेचे क्षेत्र तुटक होते, वेळा फक्त कचेरीच्या होत्या, आणि ज्यांना बसची खरी गरज ते लोक त्या क्षेत्रात फारसे राहत नव्हते. याहून अधिक काही त्या प्रयोगाविषयी लिहिण्यासारखे नाही.

इनिसफिलची गोष्ट मात्र सविस्तर सांगण्याजोगी आहे. टोरांटोच्या उत्तरेस सिमको सरोवराच्या काठी हे लहानसे गाव आहे. वस्ती तेव्हा तीसचाळीस हजारांच्या घरात, पण चहूकडे विखुरलेली, आणि गावात एकही बस नव्हती. गावच्या कौन्सिलाने बस सुरू करण्याचा विचार केला तेव्हा एका बसला वर्षाकाठी २ लाख ७० हजार कॅनेडियन डॉलर आणि दोन बसना ६ लाख १० हजार डॉलर खर्च येईल असा अंदाज निघाला. एवढे पैसे ओतून दोनच मार्ग, आणि ते निम्म्या गावाच्या कामाचे नाहीत. त्यापेक्षा उबर कंपनीशी करार करून प्रत्येक नागरिकाच्या फेरीवर गावाने अनुदान द्यावे, हे कौन्सिलाला अधिक शहाणपणाचे वाटले, आणि २०१७ च्या मे महिन्यात त्याप्रमाणे अंमलबजावणी सुरू झाली. ग्रंथालय, क्रीडासंकुल, रेल्वे स्थानक अशा ठराविक ठिकाणी तीन ते पाच डॉलरांत जाता येऊ लागले. उरलेले भाडे गाव भरी. लोक खूष झाले. शाळकरी मुले, गाडी चालविता न येणारी वृद्ध माणसे, दुकानांतील नोकर असे सर्वच ही सेवा वापरू लागले. आणि जसजसे अधिक लोक ती वापरू लागले तसतसा गावाच्या माथ्यावरचा बोजा चढत गेला, कारण येथे प्रत्येक नवी फेरी म्हणजे नवे अनुदान. ज्या खर्चाला भिऊन बस नाकारली होती तो खर्च लौकरच मागे पडला. २०१९ च्या एप्रिलमध्ये कौन्सिलाने भाडे एका डॉलरने वाढविले आणि माणशी महिन्याला तीस फेऱ्यांची मर्यादा घातली. सार्वजनिक वाहतूक चालविणाऱ्या संस्थेने आपल्याच प्रवाशांना कमी प्रवास करण्याचा हुकूम द्यावा, असा प्रसंग बससेवेच्या इतिहासात फारसा आढळणार नाही. ठरलेल्या मार्गावरची बस भरली तर तिचे व्यवस्थापक आनंदाने जाहिरात करतात.

असे असूनही, ही कल्पनाच त्याज्य आहे असा निष्कर्ष काढणे उतावीळपणाचे होईल. इंग्लंडच्या पूर्व भागातील लिंकनशर हा सपाट, शेतीप्रधान आणि तुरळक वस्तीचा परगणा; तेथे २००१ पासून कॉलकनेक्ट नावाची सेवा चालू आहे. प्रवाशाने दूरध्वनी करून आसन राखावयाचे, लहान बस गावोगाव फिरून माणसे गोळा करते, आणि त्यांतील पुष्कळांना मोठ्या रस्त्यावरून नियमित धावणाऱ्या बसच्या थांब्यावर आणून सोडते. बे रिजेसच्या गाड्यांचे काम आगगाडीच्या स्थानकाशी बांधलेले होते, तसेच हे. जेथे सर्वांची दिशा एकच असते तेथे मागण्या आपोआप गुंफल्या जातात. गणित सोपे होते आणि खर्चही आटोक्यात राहतो. शिवाय लिंकनशरने ही सेवा मोठ्या बसच्या जागी आणली नाही, मोठी बस जेथे जाऊच शकत नाही तेथे आणली. वृद्ध माणसाला आठवड्यातून दोनदा दवाखान्यात, बाजारात, देवळात जाता यावे याची ही किंमत आहे, असेच तिच्या खर्चाकडे पाहिले पाहिजे. जपानमध्येही, तरुण शहरांकडे निघून गेल्यामुळे ओस पडत चाललेल्या खेड्यांत अशाच गाड्या फिरतात. तेथे २००६ मध्ये रस्ते-वाहतुकीचा कायदा सुधारून नगरपालिका, वाहतूकदार आणि रहिवासी यांनी एकत्र बसून स्थानिक सेवेचे स्वरूप ठरवावे अशी परिषदांची तजवीज करण्यात आली. म्हाताऱ्या आजीबाईंना भ्रमणध्वनीतले ॲप वापरावयास लावण्याऐवजी साधा दूरध्वनी चालू ठेवणे हेही तेथे पुष्कळ ठिकाणी पाळले जाते. आमच्याकडच्या उत्साही तंत्रज्ञांनी हा तपशील नजरेआड करू नये.

आता आपल्या घराकडे येऊ. महाराष्ट्रात मागणीनुसार धावणाऱ्या वाहनाचे वावडे कधीच नव्हते. किंबहुना जगात ज्याला नवा शोध म्हणून मिरवले जाते त्याचे निरनिराळे अवयव आपल्या खेड्यापाड्यांतील माणूस कित्येक वर्षे वापरीत आला आहे. १ जून १९४८ रोजी पुणे-अहमदनगर मार्गावर पहिली एसटी धावली, तेव्हापासून एसटी ही वेळापत्रकाची आणि ठरलेल्या मार्गाची गाडी. पण त्या शिस्तीतही तिने लवचिकपणाला जागा ठेवली. विनंती थांबा आहे. ‘हात दाखवा, एसटी थांबवा’ ही योजना आहे, जिच्यामुळे शेताच्या बांधावर उभ्या असलेल्या माणसासाठीही साधी गाडी थांबू शकते. मार्ग तोच राहतो, थांबा मात्र प्रवासी ठरवतो. लग्नाच्या वऱ्हाडासाठी, शाळेच्या सहलीसाठी प्रासंगिक करारावर अख्खी गाडी मिळते. आषाढीच्या यात्रेला एखाद्या गावाने पुरेशा संख्येने नोंदणी केली तर त्या गावातूनच थेट पंढरपूरची गाडी सोडण्याची मुभा आहे. म्हणजे मागण्या आधी गोळा करावयाच्या आणि मग मार्ग आखावयाचा, हे तत्त्व आगारातल्या अधिकाऱ्यांना कोणा परदेशी तज्ज्ञाने शिकविण्याची आवश्यकता नाही.

आणि मग वडाप आहे. पश्चिम महाराष्ट्रात वडाप, विदर्भ-मराठवाड्यात काळी-पिवळी, आणखी कोठे टमटम. नावे वेगळी, व्यवहार एकच. जीप किंवा ट्रॅक्स नाक्यावर उभी आहे, पोऱ्या गावाच्या नावाचा पुकारा करतो आहे, आणि ‘कधी सुटणार?’ या प्रश्नाचे उत्तर ‘ही काय, सुटलीच’ असे दर पाच मिनिटांनी मिळते आहे. वडापला वेळापत्रक नाही. भरली की सुटली. थांबा नाही; जेथे म्हणाल तेथे उतरा. बाजाराच्या दिवशी गाड्या वाढतात, पावसाच्या झडीत कमी होतात, ओळखीच्या आजारी माणसासाठी चालक रस्ता सोडून वस्तीपर्यंत जातो आणि कधी पैसेही घेत नाही. परिवहनशास्त्राच्या कोणत्याही व्याख्येने पाहा, ही मागणीनुसार धावणारी सेवा आहे, आणि शासनाच्या एका पैशाच्या अनुदानावाचून ती टिकली आहे. ती टिकली याचे रहस्य उघड आहे: हेलसिंकीत जो खर्च तिजोरीने सोसला तो येथे प्रवासी सोसतो. तो गाडी भरेपर्यंत उन्हात बसून राहतो. आठ माणसांच्या जागेत चौदा माणसे दाटीवाटीने बसतात. चालकाला वेतन नाही, निवृत्तिवेतन नाही, त्याच्या दिवसाची मिळकत त्या दाटीवरच अवलंबून आहे. आणि अपघात झाला तर विमा कंपनी क्षमतेपेक्षा अधिक प्रवासी होते हे कारण पुढे करते. सायंकाळी सातनंतर गाडी भरेनाशी झाली की सेवा संपली. शेवटची एसटी चुकलेल्या माणसाला वडापची लवचिकता रात्री उपयोगी पडत नाही. पूर्वी ज्या गावात मुक्कामी गाडी येई तेथे निदान पहाटेची तरी शाश्वती असे.

वडापशी शासनाचे नाते नेहमीच दुटप्पी राहिले आहे. एरवी बसस्थानकापासून दोनशे मीटरच्या आत खासगी प्रवासी वाहनांना मज्जाव. आणि २०२१ च्या अखेरीस एसटी कर्मचाऱ्यांचा दीर्घ संप झाला तेव्हा त्याच खासगी वाहनांना स्थानकाच्या आवारातून प्रवासी नेण्याची परवानगी. ज्याला आपण रोज पकडतो त्याच्यावाचून आपले चालत नाही, हे त्या काही महिन्यांत सर्वांनी पाहिले, आणि संप मिटताच सर्वजण ते विसरले.

कायद्याची अडचण याहून मूलगामी आहे. १९८८ चा मोटार वाहन अधिनियम प्रवासी वाहतुकीचे दोन मुख्य वर्ग करतो: प्रत्येक प्रवाशाकडून स्वतंत्र भाडे घेऊन टप्प्याटप्प्यावर त्यांना चढविणारी-उतरविणारी टप्पा वाहतूक, आणि संपूर्ण वाहन एका करारान्वये ठरवून, करारात नसलेल्या कोणालाही वाटेत न घेणारी कंत्राटी वाहतूक. मागणीनुसार धावणारी बस भाडे घेते स्वतंत्र, वाटेत प्रवासी घेते नवे, पण तिला ठरलेला मार्ग नाही. म्हणजे एका वर्गात ती बसत नाही आणि दुसऱ्या वर्गात तिला बसू दिले जात नाही. २०१५ च्या सुमारास बंगळुरू, मुंबई आणि दिल्लीच्या परिसरांत ॲपवर आसन राखून देणाऱ्या बससेवा धडाक्याने सुरू झाल्या, तेव्हा त्यांची पहिली गाठ याच पेचाशी पडली. कर्नाटकाच्या परिवहन खात्याने तर त्याच वर्षी झिपगो या सेवेला थांबण्यास भाग पाडले. ओलाची शटल सेवा २०१८ मध्ये बंद झाली, दिल्ली परिसरातील शटल ही कंपनी २०२१ मध्ये चलो या कंपनीकडे गेली, मुंबईत सिटीफ्लो आजही धावते आहे. दिल्ली सरकारने २०२३ मध्ये अशा उंची बससेवांसाठी स्वतंत्र योजना अधिसूचित केली. या साऱ्या सेवा उपयुक्त आहेत. मोटारीने एकटा जाणारा नोकरदार त्यांच्यामुळे बसमध्ये आला तर शहराचे भलेच आहे. परंतु त्यांचे मार्ग पाहा: दाट वस्तीच्या उपनगरातून दाट कचेऱ्यांच्या भागात, सकाळी जाणे आणि सायंकाळी येणे. ज्याला आधीच चार पर्याय होते त्याला पाचवा, वातानुकूलित पर्याय मिळाला. बाजार आपण होऊन जेथे जाईल तेथेच त्या गेल्या, आणि त्यासाठी त्यांना नावे ठेवण्याचे प्रयोजन नाही; फक्त त्यांच्याकडे बोट दाखवून खेड्यातल्या वाहतुकीचा प्रश्न सुटत चालला आहे असे कोणी म्हणू नये. जर्मनीने २०२१ मध्ये आपल्या प्रवासी-वाहतूक कायद्यात दुरुस्ती करून अशा सेवांसाठी दोन नवे वर्ग निर्माण केले, एक सार्वजनिक वाहतुकीचा भाग म्हणून चालणाऱ्यांसाठी आणि दुसरा खासगी व्यवसाय म्हणून चालणाऱ्यांसाठी. पहिल्यावर सार्वजनिक सेवेची बंधने आणि दुसऱ्यावर नगराचे नियंत्रण, अशी ती वाटणी आहे. आपल्या कायद्यात असा तिसरा वर्ग आला तर वडापवाल्यालाही प्रथमच कायद्याच्या चौकटीत उभे राहण्यास जागा मिळेल, हा त्यातला मला सर्वांत महत्त्वाचा वाटणारा लाभ.

आपल्याकडे हा प्रश्न तातडीचा होण्याचे आणखी एक कारण आहे, आणि त्याची चर्चा जवळजवळ होतच नाही. राज्य शासनाने पंचाहत्तर वर्षांवरील ज्येष्ठांना २६ ऑगस्ट २०२२ पासून एसटीचा प्रवास विनामूल्य केला, आणि १७ मार्च २०२३ पासून महिलांना अर्धे तिकीट लागू केले. या सवलतींची भरपाई शासन एसटी महामंडळाला करते. दोन्ही सवलती स्तुत्य आहेत. स्थानकांवर वाढलेली स्त्रियांची वर्दळ त्यांची साक्ष देते. परंतु सवलत तिकिटाला जोडलेली आहे, आणि तिकीट गाडीला. ज्या वाडीवर भारमान कमी म्हणून फेरी बंद झाली, किंवा जेथे ती कधी सुरूच झाली नाही, तेथली ऐंशी वर्षांची म्हातारी वडापला पूर्ण भाडे मोजते, आणि तिची नात तालुक्याच्या महाविद्यालयात जाण्यासाठी तेच करते. म्हणजे जिच्या गावात दिवसाला दहा गाड्या येतात तिला शासन प्रवासखर्च देते, आणि जिच्या गावात एकही येत नाही तिला काहीच देत नाही. आणि हे कोणाच्या दुष्ट हेतूने घडलेले नसून मागणीच्या ठिकाणी गाडी नेण्याची तरतूदच नसल्याने आपोआप घडत आले आहे.

यावर जो उपाय सुचतो तो भव्य नाही. आगाराने चारसहा वाड्यांच्या एका गटासाठी स्थानिक जीपमालकाशी करार करावा. आदल्या सायंकाळपर्यंत वाहतूक नियंत्रकाच्या दूरध्वनीवर मागण्या नोंदवून घ्याव्यात. बाजाराचा दिवस, ग्रामीण रुग्णालयाचे बाह्यरुग्ण विभागाचे दिवस, परीक्षांचे दिवस हे मुख्य आधार धरून उरलेल्या दिवशी मागणी असेल तरच गाडी सोडावी. ती थेट शहरात न नेता मोठ्या रस्त्यावरच्या नियमित एसटीला जोडावी. आणि तिचे तिकीट एसटीचेच असावे, म्हणजे सवलती आपसूक लागू होतील. याला महागडी यंत्रणा लागत नाही. आठ प्रवाशांचे ८,१७२ कोटी क्रम येथे कोणाला तपासावयाचे नाहीत, कारण रस्ता बहुधा एकच असतो. खर्च मात्र लागेल, कारण काही फेऱ्या रिकाम्या जातील, काहींत दोनच माणसे असतील, आणि जीपमालक गाडी भरली नाही तरी ठरलेली रक्कम मागेल, जी मागण्याचा त्याला हक्कच आहे. अशा फेरीचा हिशेब आगाराच्या भारमानाच्या तक्त्यात मांडला तर पहिल्याच तिमाहीच्या आढाव्यात ती तोट्याची ठरून रद्द होईल. हा खर्च आरोग्य, शिक्षण आणि समाजकल्याण या खात्यांच्या तरतुदींतून भागवावा लागेल, आणि तसे करण्याचा अधिकार आज आगार व्यवस्थापकाला नाही.